चौथा माईक

नोएडात, सेक्टर सोळाच्या तळघरात
बारा वर्षं मी माणसांच्या गळ्याशी माईक लावतोय.
कुणाचा गळा कसा, ते मला विचारा.
कुणी खाकरून खोटं बोलतं, कुणी न खाकरता.
दिव्यसिंह पाणिग्राही बोलण्याआधी
आवंढा गिळायचे. एकदाच.
तेवढा आवाज मी रोज कापायचो.

बलांगीरच्या कॉलेजात शिकवायचे म्हणे,
सायकलच्या दांडीला पंप बांधलेला.
एक पुस्तक लिहिलं, बुडालेल्या गावाचं.
त्याला कटकमध्ये शाल मिळाली, नारळ मिळाला,
आणि शाल घालणाऱ्या हातांनीच विचारलं,
आमच्यासाठी लिहाल का थोडं?
आधी जाहीरनाम्याची प्रस्तावना.
मग पुढाऱ्यांची भाषणं, मग श्रद्धांजल्या,
अजून न मेलेल्यांच्यासुद्धा, तयार असाव्यात म्हणून.
मग दिल्ली.

चार वाजता फोनवर मुद्दे यायचे.
मेकअपच्या खुर्चीत ते पाठ करायचे,
ओठ न हलवता, पोरं मनात पाढे म्हणतात तसे.
कांदा महागला, बोला.
पूल पडला, बोला.
काल ज्याला विरोध होता त्याचं आज स्वागत, बोला.
व्याकरण मात्र कधी चुकलं नाही.
अँकर ओरडायची, समोरचे दोघे ओरडायचे,
आणि हा माणूस क्रियापद गाठल्याशिवाय
वाक्य सोडायचा नाही.
लिहिणाऱ्याची खोड.

एका दिवाळीला मिठाईऐवजी
त्यांनी मला ते पुस्तक दिलं, सही करून.
मी टिहरीचा, मला ओडिया कुठली यायला?
पानभर गोल गोल अक्षरं,
प्रत्येकाने डोक्यावर छत्री धरलेली,
ऊन नसताना.

मग ते नवं धरण आलं.
मुद्दे आले: विकास, मेगावॅट, सन्मानाने पुनर्वसन.
पाणिग्राही बोलले. सव्वा मिनिट. क्रियापदासकट.
समोर वकीलबाई होत्या, तस्नीम किदवई.
त्यांनी पर्समधून पुस्तक काढलं,
हिंदीतलं, बसच्या तिकिटाची खूण घातलेलं,
आणि वाचायला लागल्या:
'ट्रक दारात उभा, आणि आई शेण कालवत बसली.
जमीन सारवली, ओटा सारवला.
बाबा ओरडले, अगं उद्या इथे पाणी येणार आहे.
तर ती म्हणाली...'
तेवढ्यात अँकर म्हणाली, वेळ संपतेय, उत्तर द्या.

नऊ वर्षं सारवासारव केलेला माणूस.
त्यांनी आवंढा गिळला. मी कापायचा विसरलो.
म्हणाले, 'ते लेखकाचं मत होतं.
मी इथे पक्षाचा प्रवक्ता म्हणून बसलोय.'
हसले सगळे. कॅमेऱ्यामागचा पोरगाही.
ब्रेक.

ब्रेकमध्ये सगळे माईक बंद करायचे असतात.
चौथा उघडा राहिला.
इतर चहाच्या मागे लागलेले,
आणि माझ्या कानात, माझ्या एकट्याच्या,
ते हळूच म्हणाले, स्वतःच्या गुडघ्याकडे बघत:
'म्हणाली, म्हणूनच तर.
पाणी का असेना, पहिल्यांदाच येतंय घरी.'

मी फेडर खाली ओढला. रेकॉर्डिंगमधून तेवढं पुसलं.
वरच्या मजल्यावर असल्या वाक्यांना फार भाव येतो.
आमच्या आईने घराला कुलूप लावलं होतं.
किल्ली अजून नव्या टिहरीत
कॅलेंडरच्या खिळ्याला आहे.

मार्चमध्ये त्यांना काढलं.
पत्रक चार ओळींचं, चुका दोन,
त्यातली एक त्यांच्या नावात.
मी वाट पाहिली, ते फोन करून दुरुस्ती सांगतील.
केला नसावा.

आता चौथ्या खुर्चीत एक तरुण बसतो. चुणचुणीत आहे.
खाकरत नाही, गिळत नाही,
वाक्य कुठेही सोडतो.
मला कापायला काही उरत नाही.