थाळनेरची सहाची फेरी

माणशी पन्नास. मांडीवर बसलं तर पोर फुकट.
सुपडू वाडिले हात देऊन एकेकाला आत घेतो
आणि मी मोजत राहतो. सात, आठ, नऊ.
बत्तीस वर्षं शिरपूर-चोपडा तिकिटं फाडली,
माणसं दिसली की अंगठा आपोआप ओला होतो.

नारिंगी जाकिटं तीनच, कुठल्याशा पुराच्या साली आलेली.
थोडी हुज्जत झाली,
शेवटी दोन पोरांना मिळाली
आणि एक चोपड्याच्या नव्या नवऱ्याला,
बायको नको नको म्हणत असताना.

तापी मावळतीकडे जाणारी,
त्यामुळे सूर्य थेट तोंडावर;
जे बघायचं ते कपाळाला हात लावून.
उजवीकडे पाण्याच्या मोटारींचे पाइप
जनावरांसारखे माना घालून पीत बसलेले,
वर कलंडलेला बुरूज, त्याच्या भोकांत पोपट.
सुपडू इंजिन जरा हळू करतो:
'हाऊ किल्ला. जुना शे.'
किती जुना, कुणीतरी विचारतं.
'मन्हा आजाना आजाबी याले जुनाच म्हने.'

मग तो गावामागं हात करतो:
'तठे राजास्ना घुमट शेतस. आठून दिसतस नही.'
आम्ही सगळे तिकडं बघतो.
नवा नवरा न दिसणाऱ्या घुमटांचा फोटो काढतो.

सरकारी दवाखान्यातली हेमलता बाविस्कर
आईला घेऊन आलेली.
आई, सकराबाई, सगळा वेळ किल्ल्याकडे पाठ करून
पल्याडचा काठ बघत बसलेली.
मध्यावर आलो तेव्हा पहिल्यांदा बोलली,
'थांबाड रे भाऊ.
आठेच पडनी व्हती मनी कळशी.'

लग्नाची. पितळेची.
भावानं अमळनेरच्या बाजारात
ठिपक्या-ठिपक्यांनी नाव घालून आणलेली.
वऱ्हाड याच नावेतून आलं, म्हणजे हिच्या आधीच्या नावेतून,
वल्ही सुपडूच्या बापाच्या हातात.
नाव हिसकली, कळशी गेली,
नवरी रडू लागली
आणि म्हातारा हसून म्हणाला,
तापीमायनी आहेर लिधा.

सुपडूनं इंजिन बंद केलं.
असं तो करत नाही, पुन्हा लागायला त्रास देतं.
नऊ माणसं एका अंगाला वाकली
आणि मी ओरडलो, दोन्हीकडे बसा, दोन्हीकडे!
पाणी उतरलेल्या चहाच्या रंगाचं.
नवऱ्यानं बांबू खाली सोडून पाहिला,
बांबू संपला, तळ लागला नाही.
माझ्या मनात येत होतं की ठिपके असतील अजून,
माझ्या पंचिंगसारखेच:
हे आडनाव, हे गाव, ही तारीख,
एकदाच मारलेलं, परत न घेता येणारं.
मांडीवरचं पोर म्हणालं, दिसली!
कुणी त्याला खोटं ठरवलं नाही.
सकराबाईनं पदरातून दहाची नोट काढून
त्याच्या मुठीत कोंबली.

परतताना अंधार. लांब पुलावरून
साडेसातची गेली, आवाजावरून सांगतो,
तिचं मागचं पाटं ढिलं आहे.

पुढच्या बाजारच्या दिवशी पुन्हा जाऊन बसलो.
काम काही नव्हतं.
किल्ला झाला. दिसत नसलेले घुमट झाले.
मध्यावर इंजिन बंद झालं,
आणि सुपडू नव्या लोकांना सांगू लागला, आवाज खाली आणून,
'आठे एक नवरीनी कळशी शे. चांदीनी.'
सगळे वाकले. मी ओरडायच्या आत
त्यानंच सांगितलं, दोन्हीकडे बसा.

पितळेची, म्हणायला मी तोंड उघडलं होतं.
हिशेबात कधी पाच पैसे कमी आले नाहीत माझ्या.
पण सुट्टे नसले की आम्ही काय करायचो,
तिकिटामागं बाकी लिहून द्यायचो
आणि म्हणायचो, उतरताना घ्या.
निम्मे लोक विसरून उतरायचे.