फळ्याबाहेर सातारा

रविवारची शाळा सुटायला वीस मिनिटं होती
आणि अमोस अवघडेनं विचारलं,
"बाई, येशू आधी कुठं आला?
अमेरिकेत, की आपल्या साताऱ्यात?"

पोरं हसली. मी नाही हसले.
त्याच्या वयाची असताना मलाही वाटायचं,
बेथलेहेम कोरेगावच्या पुढं कुठंतरी असेल,
एसटीनं जाऊन मुक्कामाला परत येता येत असेल.

फळा लहान. खडू पेराएवढा उरलेला.
यरुशलेम उजव्या काठाला काढलं,
कारण पुस्तकात सगळी गोष्ट डावीकडंच सरकते.
मग अंत्युखिया.
तिथं शिष्यांना 'ख्रिस्ती' हे नाव पहिल्यांदा पडलं.
"पडलं म्हणजे?"
म्हणजे लोकांनी ठेवलं.
प्रेमानं ठेवलं असेल, असं मला वाटत नाही.
माझा पणजा रखमाजीचा रूबेन झाला
त्याच आठवड्यात वेशीतून हाक आली होती, "ए पाववाल्या!"
त्यानं तोवर पाव पाहिलासुद्धा नव्हता.

पुढं रोम.
जमिनीखाली, मेलेल्यांच्या शेजारी बसून
भाकर मोडणारी माणसं.
"तिथं गाणी कशी म्हणत असतील, बाई?"
"नुसत्या ओठांनी," मागून मार्था म्हणाली.

मग एक बादशहाच आपल्यात आला
आणि तेव्हापासून जरा अवघड झालं.
तळघरातल्यांना सिंहासनाजवळ खुर्ची मिळाली.
पुत्र बापासारखा, की बापच तो, यावरून
म्हातारे बिशप भांडले
ग्रीकमधल्या एका अक्षरासाठी,
आपल्याकडची वेलांटी म्हणा ना.
वेलांटीपायी माणसं हद्दपार झाली.
हे पोरांना लगेच पटलं.
त्यांचे शुद्धलेखनाचे मार्क असेच जातात.

पूर्व आणि पश्चिम फाटली.
एका दारावर कागद लागला, पश्चिमही फाटली.
रेघेला फांद्या फुटत गेल्या.
कोणत्या फांदीखाली कोण जाळलं गेलं
ते मी काढलं नाही. सहाच मिनिटं राहिली होती.

रेघ समुद्र ओलांडून डाव्या काठाला टेकली.
तिथून जहाज, मुंबई, छकडा, खंबाटकीचा घाट.
आणि सातारा?
सातारा यरुशलेमच्या उजवीकडं.
फळा तिथं संपला होता.

उजवीकडं कुणी आलंच नव्हतं का?
आले होते म्हणतात, फार आधी,
मिरीच्या गलबतांतून, केरळच्या किनाऱ्याला.
त्यांच्यासाठीही मी जागा ठेवली नव्हती.

चौकट ओलांडून हात भिंतीवर नेला.
चुन्याच्या भिंतीवर खडू उमटेना.

अमोस उठला.
बाहेर प्रीतिभोजनाचा चहा उकळत होता,
त्या चुलीतला विझका कोळसा घेऊन आला,
टाचा उंचावून त्यानं ठिपका दिला.
"आता सांगा, इथं आधी कोण आलं?"

मी त्याला बाप्तिस्म्याच्या रजिस्टराचं सांगितलं,
वाळवीनं कडा खाल्लेल्या.
पूर्वीचं नाव. नवं नाव.
आणि साहेबांनाही सोडवला नाही तो तिसरा रकाना, जात.
पणजी म्हणायची, पहिल्या प्रभुभोजनाला
एकच प्याला फिरला.
तिच्या अलीकडच्यानं ओठ न लावताच पुढं दिला.
ती दोन घोट प्याली,
एक आपला, एक त्याच्या वाट्याचा.
"मग तो रागावला?"
माहीत नाही रे. तेवढ्यात घंटा झाली.

भिंत घाण केली म्हणून पंचकमिटीनं मला समज दिली.
नाताळाआधी चुन्याचे दोन हात झाले.
जानेवारीत ठिपका वर आलाय, फिकट,
नीट पाहिलं तरच दिसणारा.
अमोस येता-जाता त्याला अंगठा टेकवतो,
रखमाजीनं रजिस्टरात टेकवला होता तसा.