आयोडीन मूल्य

लातूरच्या एमआयडीसीत आमची प्रयोगशाळा.
शेजारी डाळमिल, म्हणून तराजूवरही
तुरीचा भुसा बसतो, रोज पुसावा लागतो.

कोंडाबाई लामतुरे चाकूरहून आल्या,
पिशवीत औषधाची बाटली, तोंडाला चिंधीचं बूच.
"करडईचंच हाय का, येवढं बगा मॅडम.
पौषात गोठलं. सासूच्या काळापासून
गोठलेली करडई बगितली नाही म्या."

मालक आठ दिवसांपूर्वी दवाखान्यातून आलेले,
छातीत स्प्रिंग बसवून.

जुन्या बिलाच्या पाठीवर मी रेणू काढला.
अठरा कार्बन, हातात हात धरून.
ज्यांचे उरलेले हात हायड्रोजननं भरलेले, ते ताठ.
ताठ ते ताठाला खेटून निजतात,
कडब्याच्या पेंढ्या गंजीत बसाव्यात तसे,
आणि थंडी पडली की तेल थिजतं.
करडईत नवव्या घराशी एक दुहेरी बंध,
बाराव्याशी दुसरा,
दोन्हीकडे कंबर वाकलेली.

"मंग बराबर," बाई म्हणाल्या,
"करडईची गंज कुटं लागती?
काटे येकमेकाला जवळ येऊ देत नाहीत.
पायाला पोतं गुंडाळून काढायची ती."
हे वर्गात शिकवायला मला दोन तास लागले होते.

मग फ्लास्क. थेंबभर तेल, त्यावर आयोडीनचं द्रावण,
अर्धा तास कपाटाच्या अंधारात.
जिथं जिथं दुहेरी बंध, तिथं आयोडीन जाऊन बसतं.
उरलेलं मोजायचं: ब्युरेटमधून थेंब, थेंब,
स्टार्चचा निळा रंग जाईपर्यंत.
करडई असती तर लवकर गेला असता.
तो जाईना.
मी नळी परत भरली. बाई रंगाकडे बघत बसल्या,
दूध उतू जाईल म्हणून बघावं तशा.

अठ्ठ्याण्णव.
यायला हवे होते एकशेचाळीसच्या वर.
निम्म्याच्या आसपास पाम असावं, मी म्हणाले.

त्या काही बोलल्या नाहीत, म्हणून मीच बोलत सुटले.
की शरीर पुष्कळ काही घरी बनवतं,
पण दोन आम्लं त्याला येत नाहीत,
एक करडईतलं, एक जवसातलं;
विरजणासारखी ती बाहेरूनच आणावी लागतात.
की पेशीच्या पडद्यात ही वाकडी माणसं असली
की पडदा लवचीक राहतो.
की पामच्या जागी घेतली तर वाईट कोलेस्टेरॉल उतरतं,
पामच्या वर ओतली तर नाही.
की जवसातलं मेंदूपर्यंत, डोळ्यांपर्यंत जातं,
पण शंभरातलं थोडंच.
की तेल औषध नाही, गोळ्या चुकवायच्या नाहीत.

"खरी करडई लवकर खवट होती न्हवं?"
होते. वाकलेल्या दोन जागांच्या मधोमध
हवा शिरते, तिथूनच नासायला लागतं.
"अन हे वरीसभर टिकतंय.
गिऱ्हाईक म्हणतंय, लई चांगलं तेल."
जरा थांबून: "घाणा माझ्याच लेकाचा हाय.
बी मिळंना, सगळं रान सोयाबीननं भरलंय.
बापाच्या दवाखान्याचं बिल बी
त्येनंच भरलं, याच तेलातून."

आकडा कागदावर लिहून द्या म्हणाल्या.
शिक्का पण मारा.
चार घड्या घालून तो पोलक्यात ठेवला,
लेकाला दाखवायला की लपवायला,
विचारायचं माझ्या तोंडावर आलं होतं.

जाताना टेबलावर पुडी ठेवून गेल्या, जवसाची चटणी,
वर्तमानपत्राला तेल फुटलेलं.
दुपारी भाकरीबरोबर खाल्ली. लसूण जास्त होता.
फ्लास्क मात्र तसाच राहिला बेसिनमध्ये,
आणि संध्याकाळी पाहिलं तर तळाशी
निळं पुन्हा हलकेच परतलेलं.