आगरवाड्याचा कान

दर्या मागे हटला तेव्हा घाईत होता,
एक कान विसरून गेला.
तो आमच्याकडे आहे.
शापोऱ्याच्या बांधावर, मानशीच्या खोपटात,
तांब्याच्या हंडीत, भाताच्या तुसावर.
ओंजळीएवढा. बाहेरून कालवासारखा खरबरीत,
आत बोट घातलं तर मऊ,
आणि वैशाखातसुद्धा ओला.

त्यात बोललेलं दर्याला ऐकावंच लागतं.
किंमत एक शब्द.
कुठला, ते तो ठरवतो.

बस्त्यांवने वाहून गेलेली होडी मागितली.
होडी आली, 'परवा' गेला.
आता त्याच्याकडे आज आहे, उद्या आहे,
त्यापुढे नुसता हात हलवणं.
झिलूच्या बायकोने पोराचा ताप उतरवला,
तिचा 'हिरवा' गेला.
बाजारात ती मुळ्याच्या पाल्याकडे बोट दाखवते.
माझ्या बापाने मला मागितलं.
त्याचं 'पुरे' गेलं.
आई पेज वाढत राहायची,
तो वाटीवर आडवा हात धरायचा.
एखाद्या दिवशी हात धरायचं विसरायचा
आणि जेवत बसायचा, घाम फुटेपर्यंत.

पणजीहून एकदा एक साहेब आला, पट्टी घेऊन.
वहीत लिहिलं: शिंपला, मोठा, जुना.
मग हसत हसत कानात म्हणाला, "हॅलो."
त्याचा कुठला शब्द गेला
हे त्याला अजून कळलं नसेल.
कधीतरी लागेल, तेव्हा कळेल.

राखणदार सुकांती.
चाळीस वर्षं हंडी घासली, तूस बदललं,
स्वतःसाठी काही मागितलं नाही.
नवरा बुडाला तेव्हाही नाही.
म्हणून तिच्याकडे सगळे शब्द होते.
अडलं की लोक तिच्या दारात उभे राहायचे,
"बाय गे, ते काय ते, नवरीच्या कपाळाला..."
"मुंडावळ्या," ती चुलीपासूनच सांगायची,
शेजारणीला विळी द्यावी तसं.
पाणंद संपेपर्यंत टिकायचा तो शब्द.

मार्गशीर्षातल्या अवसेला बांध फुटला.
कुर्ल्यांनी आतून पोखरला होता,
आम्हाला माहीत होतं, पुढच्या वर्षी बघू म्हटलं होतं.
पाणी गुरांच्या पोटाला लागलं.
माती टाकली, पेंढा टाकला,
झिलूने घराचं दार उखडून आणलं, तेही गेलं.
सुकांती हंडी डोक्यावर घेऊन
कंबरभर पाण्यात आली.
काय बोलली ते कुणी ऐकलं नाही.
'मी' म्हणून नाही बोलली, एवढं नक्की.
'आम्ही' म्हणून बोलली.
कारण पाणी एका दमात मागे गेलं
आणि सकाळी सगळ्यांचा एकच शब्द गेला होता.

तोच, जो आम्ही पिकवतो.
माघापासून वैशाखापर्यंत फळीने ओढतो,
ज्याच्या ढिगांनी अंधाऱ्या रात्रीही वाट दिसते,
ज्याने आमच्या टाचा फाटल्या,
ज्याच्याशिवाय पेज नुसतीच गरम असते.

म्हापशाचा ट्रकवाला येतो, भाव विचारतो.
त्यातला एक शब्द आम्हाला वाऱ्यासारखा लागतो.
आम्ही ढिगाकडे बघतो, मान डोलावतो, पैसे मोजतो.
पोरं बोट चाटून विचारतात, ह्याला काय म्हणतात?
आम्ही म्हणतो, जेव.

सुकांती गेल्या चैत्रात गेली.
रडताना ओठांवर जे उतरलं
ते आम्ही सगळ्यांनी ओळखलं
आणि एकमेकांकडे पाहिलं.

आता हंडी माझ्याकडे.
तूस बदलतो. काही मागत नाही.
रात्री त्या ट्रकवाल्याचं तोंड आठवतो,
तो शब्द म्हणताना कसं हलतं ते.
आधी ओठ मिटतात,
मग फाकतात, दात दिसतात,
मग जीभ टाळ्याला चिकटते.
तसं करून बघतो.
हंडीत कान ओला असतो, जागा असतो.
हवा येते फक्त.