पडूअण्णा

इटलीचे पिक्चर आमच्या टॉकीजला सकाळी साडेनऊला लागायचे,
रात्रपाळी सुटलेल्या कामगारांसाठी, कमी दरात.
डब्यांवर रोमचा शिक्का, पडद्यावर हिंदी बोलणारे गोरे.
नावांची पाटी वितरकच कापून टाकायचा,
कोण वाचणार होतं?
म्हणून वडिलांना त्याचं नाव कधी कळलं नाही.
त्यांनीच ठेवलं, पडूअण्णा.

वडील, सत्तय्या येमूल, मशीन चालवायचे.
मी डबा घेऊन लोखंडी जिन्यानं वर जायचे.
कडक भाकरी, शेंगाचटणी, जळत्या कार्बनचा वास,
आणि भिंतीतल्या चौकोनी भोकाला एक डोळा लावून
मी माणूस पडताना बघायला शिकले.

तटावरून पडायचा, डावीकडून तिसरा,
अंगाला तेल, हातात पुठ्ठ्याची ढाल.
घोड्यावरून पडायचा, एक पाय रिकिबीत ठेवून.
गुत्त्याच्या माडीवरून कठड्यासकट पडायचा
आणि पुढच्या रिळात दुसरी मिशी लावून
त्याच हिरोच्या हातून पुन्हा.
"खांदा बघ," वडील म्हणायचे, "आधी खांदा टाकतंय, मग पाठ.
डोकं कधीच न्हाई."

रिळं गुलबर्गा, विजापूर फिरून वाटेल त्या क्रमानं यायची,
त्यामुळं तो आमच्याकडं सरळ म्हातारा झाला नाही.
दिवाळीला केस पिकलेले,
गड्ड्याच्या जत्रेत पुन्हा कुळकुळीत काळे,
मे महिन्यात पोट सुटलेला फौजदार.

एकदा त्याला वाक्य मिळालं.
"घोडे तैयार हैं, मालिक."
वडिलांनी खालच्या गेटकीपरला, पानवाल्या इरण्णालाही वर बोलावलं,
या, या, अण्णा बोलला!
ते वाक्य मग आमच्या घरात राहायला आलं.
विड्यांचं सूप बाजूला सारून आई म्हणायची,
घोडे तैयार हैं, मालिक,
म्हणजे जेवायला बसा.

शेवटी शेवटी तो पडायचा थांबला.
एका पिक्चरमध्ये तो पाद्री होता, देवळाच्या पायरीवर उभा,
समोर एक कोवळा पोरगा छपरावरून आला, आदळला.
सगळे हिरोकडं बघत होते.
अण्णा पोराच्या खांद्याकडं बघत होता.
वडील मशीनमागून पुटपुटले, "चुकलं."

आमच्याकडं पडायला कुणी शिकवत नव्हतं.
गिरणी बंद पडली आणि काका तोंडावर पडले,
वर्षभर भोंग्याच्या वेळेला चप्पल घालून बसायचे,
भोंगा नव्हता तरी.
मग टॉकीज. एका बुधवारी, मध्यंतरानंतर.

वडील गेल्यावर पत्र्याच्या डबीत पट्टी सापडली,
दीड हात, गुंडाळलेली, विड्यांच्या दोऱ्यानं बांधलेली.
रीळ तुटलं की जोडताना थोडं कापावं लागतं,
त्यांनी कुठलं कापलं हे कोण विचारणार?
ट्यूबलाइटसमोर धरली. सदतीस चौकटी.
अण्णा धुळीत मेलेला, हात पसरून.
मेलेला.
मेलेला.
मग बोटं हलतात, कॅमेरा चालूच आहे हे विसरून
तो कोपरावर उठतो, टोपी चाचपतो,
आणि शेवटच्या चारपाच चौकटींत
पडद्याबाहेरच्या कुणाकडं तरी बघून हसतो.

म्हणजे सोलापुरात तो नीट मेला.
वडिलांनी त्याची चूक झाकली, साठ पैशांच्या तिकिटवाल्यांपासून.
उठला तो फक्त आमच्या डबीत.

परवा मोरीत माझा पाय सटकला.
सून धावत आली, बादली कलंडलेली, नळ वाहतोय,
मी फरशीवर आडवी. खांदा ठणकतोय.
डोक्याला हात लावून बघितला. कोरडं.
"आत्या, उठता येतंय का?"
घोडे तैयार हैं, म्हटलं.
तिनं डॉक्टरांना फोन लावला.