पडद्याची दोरी

आबा नेजदार तीनदा निवडून आले, दोनदा पडले.
पडले त्या रात्रीही नाटकाला आले,
तिकीट काढून. पास कधी घेतला नाही,
म्हणायचे, फुकट बघितलं की टाळी खोटी पडते.

मी पडदा ओढणारा, शिवाजी पेठेतला.
विंगेतून मला दिसायचं :
शेवटची रांग, भिंतीकडची खुर्ची,
चपला काढून वर मांडी घातलेली.

महापालिकेत गटारीवरून खुर्च्या उडाल्या,
तेव्हा मधेच उठून ह्यांनी विचारलं,
पेटीवाल्या गणू शिकलगारचं मानधन
कुठल्या टेबलावर अडकलंय?
सभागृह हसलं.
मानधन सुटलं सात महिन्यांनी,
गणूच्या बायकोच्या नावानं.
ते आबांना फार लागलं.
रंकाळ्यावर एकटेच बसून होते, दिवे लागेपर्यंत.

सोळाव्या वर्षी भालदार होते म्हणे, एका प्रयोगात.
एकच वाक्य. तेही विसरले.
"म्हणून तर राजकारणात आलो गड्या,
हितं विसरलं तरी चालतंय."

परवा शोकसभा इथंच झाली.
पाहुणे मंत्री पाऊण तास बोलले,
आबांचं नाव दोनदा चुकले.
दोरी माझ्या हातात.
शेवटच्या रांगेकडं बघितलं एकदा

आणि ओढली.