वाटाण्याच्या अक्षता

बोग्ना कामावरून येते तेव्हा
तिच्या केसांना जळक्या लोखंडाचा वास असतो.
दिवसभर ती जहाजाच्या पोटात, ग्डिनियाच्या गोदीत,
वेल्डिंगच्या ठिणग्यांखाली:
कातडी एप्रन, कोपरापर्यंत हातमोजे,
आणि तो काळा मुखवटा
ज्यातून सूर्यसुद्धा टिकलीएवढा दिसतो, हिरवा.

जेवण. बीटचं सार, कालचा पाव.
मग ती सोफ्याच्या अगदी कडेला बसते, कंट्रोलर घेते
आणि पडद्यावरच्या आपल्या बाईचं
एकेक चिलखत उतरवू लागते.

छातीवरचं. मग गुडघ्यांच्या वाट्या.
ढाल तर तिनं पहिल्याच आठवड्यात विकली,
त्या पैशांत घेतली एक शापित अंगठी:
जीव जितका कमी, घाव तितका मोठा.
म्हणून ती विष पिते, मुद्दाम, मोजून,
लाल रेघ नखाएवढी उरेपर्यंत.
आता माशी बसली तरी मरेल.
आणि हातात तलवार, तिच्याहून वीतभर लांब.

'निदान टोपी तरी घाल,' मी म्हणतो.
मी क्रेन चालवतो, पट्टा बांधून,
कुलूप दोनदा ओढून बघणारा माणूस.
'टोपीचं वजन होतं, लेख,' ती म्हणते. 'उडी उशिरा पडते.'

पुतण्या टिमोन, वय चौदा, हाडाचा हिशेबी.
भिंतीसारखी ढाल, पिशवीत औषधाच्या वीस बाटल्या,
राक्षसाला तासभर टोचत बसतो सुतारपक्ष्यासारखा.
'काकू, असं कोण खेळतं? एक चूक, की संपलं.'
'तुला चाळीस चुका परवडतात,' ती पडद्यावरची नजर न काढता,
'त्यातली एक तरी आठवते का?'

दीपगृहाचा राखणदार तिला पुढे सोडत नाही.
मी बशी घेऊन बसतो:
एका मरणाला एक वाळका वाटाणा.
त्याचा आकडा डावीकडून येतो, लगेच उजवीकडून,
मग वर जातो आणि तिथंच थांबतो,
श्वासभर जास्त.
त्या थांबण्यात सगळी लबाडी.
तिचं बोट घाई करतं. टक्. वाटाणा.
पुन्हा विष, पुन्हा जिना, पुन्हा तो कंदील.
टक्.
रोज रात्री तो तिला वाटाण्याच्या अक्षता लावतो,
आणि मी मोजतो.

शनिवारपर्यंत त्रेसष्ट.
टिमोन म्हणाला, आता सूप होईल.

रविवारी बाहेर समुद्रावरून धुकं आलेलं,
बंदराचा भोंगा अधूनमधून.
ती काही वेगळी बसली नव्हती.
आकडा वर गेला, थांबला,
आणि तिनंही थांबून दाखवलं.
मग मागे नाही, आत,
त्याच्या काखेखालून, कंदिलाच्या उजेडात उघडीबोडकी,
एक घाव
आणि त्याची अर्धी रेघ गेली.
टिमोन उभा राहिला. मी बशी धरून.
दुसरा घाव बसला, कंदील फुटला,
राखणदार कोसळला,
आणि कोसळता कोसळता त्याचा आकडा
तिच्या खांद्याला नुसता लागला.

दोघंही पडले.
खेळानं क्षणभर विचार केला.
मग कुठेतरी वर, अंधारात, दार उघडल्याचा आवाज.

'हे धरायचं का?' टिमोननं विचारलं.
बोग्ना हसत होती, तळवे पँटला पुसत.
माझ्या चिमटीत चौसष्टावा वाटाणा,
बशीत टाकावा की नाही, कळेना.

सकाळी पावणेसहाला ती दारात उभी राहते,
बटणं गळ्यापर्यंत, एक एक करून,
मुखवटा पिशवीत, हातमोजे त्याच्यावर.
मी एप्रनचा मागचा पट्टा ओढून बघतो.
पुन्हा ओढतो.
'आवळ अजून,' ती म्हणते.

वाटाणा माझ्या खिशात आहे अजून.
क्रेनवर चढताना हाताला लागतो.